खेळाडूंचा शल्यविशारद

क्रीडांगणावर विजय मिळविणाऱ्या खेळाडूचे नाव सर्वांच्या मुखी असते. त्याला घडविणारा गुरू कोण, हेही जाणते लोक आवर्जून विचारतात. परंतु त्याच खेळाडूचा सांधा निखळला किंवा अस्थिबंध तुटला म्हणजे ज्या वैद्याच्या दारी त्याला जावे लागते, त्याची आठवण सहसा कोणी काढीत नाही. आज आपल्या देशात शाळेच्या पटांगणापासून राष्ट्रीय स्पर्धांपर्यंत असंख्य मुले-मुली खेळत आहेत, आणि त्यांच्या पाठोपाठ वैद्यकाची एक शाखाही वाढीस लागली आहे. खेळाडूंच्या हाडांची, सांध्यांची व स्नायूंची चिकित्सा करणारा शल्यविशारद हा त्या शाखेचा आधारस्तंभ होय. बारावीच्या उंबरठ्यावर उभ्या असलेल्या पुष्कळ मुलांना हा व्यवसाय खुणावतो. खेळाची आवड आणि डॉक्टरकी या दोहोंचा त्यात मेळ बसेल, असे त्यांना वाटते. त्यांचे वाटणे चुकीचे नाही. पण या व्यवसायात खरा कस कशाचा लागतो, हे पदव्यांच्या यादीवरून कळत नाही. ते एखाद्या शल्यविशारदाच्या आयुष्यक्रमावरून अधिक चांगले कळते. म्हणून या वेळी अमेरिकेतील डॉ. फ्रँक जोब यांच्या कार्याचा परिचय करून घेऊ.

फ्रँक जोब यांचा जन्म १९२५ साली नॉर्थ कॅरोलायना राज्यातील बून या गावी झाला. दुसऱ्या महायुद्धात, अठराव्या वर्षी, ते सैन्यात दाखल झाले. छत्रीधारी सैनिकांच्या १०१ क्रमांकाच्या डिव्हिजनमध्ये वैद्यकीय सामग्री सांभाळण्याचे काम त्यांच्याकडे होते. तोफांच्या भडिमारातही शांत चित्ताने जखमींवर शस्त्रक्रिया करणारे डॉक्टर त्यांनी तेथे पाहिले, आणि आपणही डॉक्टर व्हावे ही इच्छा त्यांच्या मनात तेथेच रुजली. युद्ध संपल्यावर कॅलिफोर्नियात त्यांनी वैद्यकाचे शिक्षण पुरे केले. परंतु लगेच ते शल्यविशारद झाले नाहीत. सुमारे तीन वर्षे त्यांनी साधी कुटुंबवैद्याची वैद्यकी केली. त्यानंतरच लॉस एंजलिसच्या मोठ्या सरकारी रुग्णालयात अस्थिशल्याचे उच्च शिक्षण त्यांनी घेतले. १९६५ साली त्यांनी डॉ. रॉबर्ट कर्लन यांच्यासमवेत केवळ अस्थिरोगांसाठी चिकित्सालय काढले. त्या वेळी जोब चाळिशीला आले होते. ज्या शस्त्रक्रियेने त्यांचे नाव पुढे जगभर झाले, ती करावयास आणखी नऊ वर्षे जावयाची होती. घाईने ‘करिअर’ घडविण्याच्या आजच्या काळात ही गोष्ट ध्यानात ठेवण्याजोगी आहे.

डॉ. कर्लन हे ‘डॉजर्स’ या लॉस एंजलिसच्या प्रसिद्ध बेसबॉल संघाचे डॉक्टर होते. त्यांना स्वतःलाच सांध्यांच्या दुर्धर विकाराने ग्रासले होते. त्यामुळे संघाची जबाबदारी हळूहळू जोब यांच्याकडे येत गेली. बेसबॉल आपल्याकडे फारसा खेळला जात नाही. म्हणून एक गोष्ट सांगणे अवश्य आहे. क्रिकेटमधील गोलंदाज हात कोपरात न झटकता चेंडू टाकतो. बेसबॉलमध्ये चेंडू फेकणारा खेळाडू, ज्याला ‘पिचर’ म्हणतात, तो मात्र वाकविलेला हात चाबकासारखा पुढे झटकतो. त्या क्षणी कोपराच्या आतील बाजूवर असा जबरदस्त ताण पडतो की, दंडाचे हाड व पुढील हाताचे हाड जणू एकमेकांपासून विलग होऊ पाहतात. त्यांना एकत्र बांधून ठेवणारा एक लहानसा, चिवट अस्थिबंध तेथे असतो. डॉक्टर त्याला लिगामेंट म्हणतात. शेकडो फेकींचा ताण वर्षानुवर्षे सोसून तो झिजतो आणि एखाद्या दिवशी तुटतो. पूर्वी असा बंध तुटला की, पिचरचा खेळ संपला असे समजत.

डॉजर्स संघाने हे दुःख फार जवळून पाहिले होते. सँडी कोफॅक्स हा त्यांचा अद्वितीय डावखुरा पिचर १९६६ साली, वयाच्या अवघ्या तिसाव्या वर्षी, कीर्तीच्या शिखरावर असताना कोपराच्या दुखण्याने निवृत्त झाला. वेदनाशामक औषधे, सुया, बर्फ यापलीकडे डॉक्टरांपाशी उपाय नव्हता.

आठ वर्षांनी, १७ जुलै १९७४ रोजी, त्याच संघाचा दुसरा डावखुरा पिचर टॉमी जॉन चेंडू फेकीत असता त्याच्या कोपरातील बंध तुटला. त्या वर्षी तेरा सामने जिंकून तीनच हरलेला हा खेळाडू एकतीस वर्षांचा होता. जोब यांनी लगेच शस्त्र उचलले नाही. प्रथम विश्रांती देऊन पाहिली. काही आठवड्यांनी त्याला पुन्हा चेंडू टाकून पाहावयास सांगितले. तो टाकता येईना. तेव्हा मात्र आजवर कोणी न केलेली एक कल्पना त्यांनी त्याच्यापुढे मांडली.

ही कल्पना आकाशातून पडलेली नव्हती. पोलिओने लुळे पडलेले हात पुन्हा कामास लावण्यासाठी शल्यविशारद शरीरातील एका ठिकाणची कंडरा, म्हणजे स्नायूला हाडाशी जोडणारी चिवट दोरी, दुसरीकडे वळवून बसवीत असत. या कामाशी जोब यांचा चांगला परिचय होता. मग कंडरेचाच तुकडा घेऊन तुटलेल्या अस्थिबंधाची जागा का भरून काढू नये? यासाठी त्यांनी निवडलेली कंडरा आपल्यापैकी बहुतेकांच्या मनगटात आहे. अंगठा व करंगळी यांची टोके जुळवून मनगट किंचित आत वाकवावे. मनगटाच्या मध्यभागी दोरीसारखा एक उंचवटा वर आलेला दिसतो. तीच ही कंडरा. काही जणांच्या हातात ती जन्मतःच नसते आणि तरीही त्यांचे काही अडत नाही. शरीराला जिच्यावाचून चालते, अशी वस्तू काढून जिच्यावाचून चालत नाही, तेथे बसवावी, असा हा सरळ विचार होता.

सरळ असला तरी तो अनुभवाने सिद्ध झालेला नव्हता. जोब यांनी ही गोष्ट लपविली नाही. पुन्हा पूर्वीसारखे खेळता येण्याची शक्यता शंभरात एक, असे त्यांनी जॉनला स्पष्ट सांगितले. शस्त्रक्रिया न केल्यास ती शक्यता शून्य होती, हेही सांगितले. निर्णय खेळाडूवर सोपविला. जॉनने होकार दिला.

२५ सप्टेंबर १९७४ रोजी शस्त्रक्रिया झाली. जॉनच्या उजव्या हाताच्या मनगटातील कंडरा काढण्यात आली. डाव्या कोपराच्या दोन्ही हाडांत बारीक छिद्रे पाडून ती इंग्रजी आठच्या आकड्याप्रमाणे त्यांतून ओवून घट्ट करण्यात आली. परंतु कथा येथे संपली नाही. कोपराच्या आतील बाजूने जाणाऱ्या मज्जातंतूला इजा पोहोचल्याचे पुढे दिसून आले. ठेच लागताच झिणझिण्या आणणारा, आपणा सर्वांच्या ओळखीचा तो मज्जातंतू होय. त्यामुळे जॉनची बोटे पंजासारखी आखडली. डिसेंबरात दुसरी शस्त्रक्रिया करावी लागली. मज्जातंतू अतिशय मंद गतीने भरून येतो. १९७५ च्या संपूर्ण हंगामात जॉन एकही मोठा सामना खेळू शकला नाही. बोटांत जीव यावा म्हणून तो महिनोन्महिने व्यायाम करीत राहिला. हाडांत ओवलेली कंडराही निर्जीव दोरीसारखी राहत नाही. तिच्यात हळूहळू रक्तवाहिन्या वाढतात, तिचे तंतू नव्या ताणाच्या दिशेने रचले जातात, आणि कालांतराने ती अस्थिबंधासारखीच होते. हे काम निसर्गाचे आहे. शल्यविशारद केवळ त्याचा आरंभ करून देतो. या प्रतीक्षेला आजही बहुधा वर्ष-दीड वर्ष लागते.

एप्रिल १९७६ मध्ये टॉमी जॉन मैदानावर परतला. पुढच्याच वर्षी त्याने वीस सामने जिंकले. १९८९ साली, वयाच्या शेहेचाळिसाव्या वर्षी, तो निवृत्त झाला, तेव्हा त्याच्या नावावर २८८ विजय होते. त्यांपैकी १६४ शस्त्रक्रियेनंतरचे. आजही जगभर ही शस्त्रक्रिया ‘टॉमी जॉन शस्त्रक्रिया’ या नावानेच ओळखली जाते. शल्यविशारदाचे नव्हे, तर दोन हंगाम धीर धरणाऱ्या रुग्णाचे नाव तिला मिळाले, हे उचितच झाले.

या यशानंतर जोब यांनी काय केले, हे त्या यशाइतकेच बोधप्रद आहे. दुसऱ्याच दिवशी त्यांनी जाहिरात केली नाही. पहिला रुग्ण खरोखर बरा झाला की नाही, हे पाहिल्यावाचून त्यांनी दुसऱ्यावर हा प्रयोग केला नाही. दुसरी शस्त्रक्रिया १९७८ साली झाली, आणि तो खेळाडू मोठ्या स्पर्धांत परत येऊ शकला नाही. जोब यांनी आपल्या अनुभवाचे शास्त्रीय निवेदन प्रसिद्ध केले, ते १९८६ साली. म्हणजे पहिल्या शस्त्रक्रियेनंतर बारा वर्षांनी. त्यात सोळा खेळाडूंची हकीकत होती. दहा जण पूर्वीच्या पातळीवर खेळू लागले, सहा जण नाही. मज्जातंतूला होणाऱ्या इजांचा उल्लेखही त्यात होता. यशाबरोबर अपयशाचाही हिशेब मांडल्यामुळेच इतर शल्यविशारदांना त्यात सुधारणा करता आल्या, आणि आज अशा दहा खेळाडूंपैकी सुमारे आठ जण पूर्ववत खेळू शकतात.

१९९० साली ओरेल हर्शायझर या पिचरचा खांदा जोब यांनी असाच सावरला. परंतु त्यांच्या कार्याचा दुसरा भाग शस्त्रक्रियागृहाबाहेरचा होता. लॉस एंजलिसजवळच्या सेंटिनेला रुग्णालयात त्यांनी आणि सहकाऱ्यांनी खेळाडूंच्या हालचालींचा अभ्यास करणारी प्रयोगशाळा चालविली. चेंडू फेकताना कोणता स्नायू कोणत्या क्षणी काम करतो, याची विजेच्या सूक्ष्म संकेतांवरून नोंद घेऊन, हलक्या वजनांचे साधे व्यायाम त्यांनी योजले. हेतू हा की, शस्त्रक्रियेची वेळच येऊ नये. या संशोधनात त्यांच्या समवेत डॉ. जॅकलिन पेरी होत्या. महायुद्धात सैन्यात व्यायामोपचार करणाऱ्या पेरी पुढे वैद्यकाकडे वळल्या आणि स्त्रिया या क्षेत्रात क्वचितच दिसत, त्या काळी अस्थिशल्यविशारद झाल्या. मनुष्याच्या चालण्याचा त्यांनी केलेला अभ्यास आजही प्रमाण मानला जातो. अस्थिशल्य म्हणजे केवळ बळाचे, म्हणून पुरुषांचे काम, असा समज आपल्याकडे अजूनही आहे. घरातील मुलीने या शाखेची इच्छा व्यक्त केली, तर पेरींचे उदाहरण आठवावे.

शस्त्राविना बरे करणे हाही याच विद्येचा भाग आहे, हे क्रिकेटप्रेमी वाचकांस दुसऱ्या एका उदाहरणाने पटेल. जॉनचा हात निकामी झाला, त्याच्या आदल्याच वर्षी, १९७३ मध्ये, ऑस्ट्रेलियाचा वेगवान गोलंदाज डेनिस लिली याच्या पाठीच्या मणक्यांना चिरा गेल्या. वारंवार वाकून, पिळवटून चेंडू टाकण्याच्या ताणाने हे घडते. लिलीवर शस्त्रक्रिया झाली नाही. प्लास्टरचे बंधन, विश्रांती आणि व्यायामशास्त्रज्ञ फ्रँक पाइक यांच्या देखरेखीखालील खडतर व्यायाम यांच्या बळावर तो १९७४-७५ च्या हंगामात परतला. १९८४ साली तो निवृत्त झाला, तेव्हा त्याने कसोटी सामन्यांत ३५५ बळी घेतले होते. कोठे शस्त्र चालवावे आणि कोठे चालवू नये, हा विवेक या व्यवसायाचा गाभा होय.

आता आपल्या देशाकडे वळू. पतियाळा येथे १९६१ साली राष्ट्रीय क्रीडा संस्था स्थापन झाली. नवी दिल्लीच्या सफदरजंग रुग्णालयात २०१० पासून खेळाडूंच्या इजांसाठी स्वतंत्र केंद्र आहे. भालाफेकपटू नीरज चोप्रा याच्या उजव्या कोपरावर मे २०१९ मध्ये मुंबईच्या कोकिलाबेन धीरूभाई अंबानी रुग्णालयात डॉ. दिनशॉ परदीवाला यांनी शस्त्रक्रिया केली. ती टॉमी जॉनसारखी नव्हती. सांध्यात सुटून अडथळा करणारे हाडाचे तुकडे काढावयाचे होते. त्या वर्षीची जागतिक स्पर्धा नीरजला सोडावी लागली. जानेवारी २०२० मध्ये दक्षिण आफ्रिकेत ८७.८६ मीटर भाला फेकून त्याने ऑलिंपिकची पात्रता मिळविली, आणि ७ ऑगस्ट २०२१ रोजी टोकियो येथे ८७.५८ मीटरच्या फेकीने सुवर्णपदक. त्या पदकामागे रुग्णालयातील एक दिवस आहे, तसेच त्यानंतरचे व्यायामाचे कित्येक महिने आहेत.

अर्थात आपल्याकडील अशा शल्यविशारदाचे बहुतेक रुग्ण ऑलिंपिकवीर नसतात. कबड्डीत पकडीत सापडून गुडघा पिरगळलेला महाविद्यालयीन विद्यार्थी, फुटबॉल खेळताना एकाएकी वळताच गुडघ्यातील बंध तुटलेली मुलगी, आखाड्यात खांदा निखळलेला मल्ल, पोलीसभरतीसाठी धावून धावून नडगीच्या हाडाला चीर पडलेला तरुण, अशी माणसे त्याच्याकडे येतात. गुडघ्यातील तुटलेल्या बंधाच्या जागीही मांडीची किंवा गुडघ्यापुढील कंडरा बसविण्यात येते, तत्त्व तेच. बारीक छिद्रातून दुर्बिणीची नळी सांध्यात घालून ही कामे आता करता येतात. परंतु पुन्हा खेळावयास साधारणतः नऊ महिने तरी लागतात, हे दुर्बिणीने बदललेले नाही.

ज्यांना हा मार्ग धरावयाचा आहे, त्यांनी पुढील हिशेब लक्षात घ्यावा. बारावीनंतर प्रवेशपरीक्षा, मग प्रत्यक्ष रुग्णसेवेचे वर्ष धरून साडेपाच वर्षांचा एम. बी. बी. एस. चा अभ्यासक्रम, पुन्हा प्रवेशपरीक्षा, अस्थिशल्याच्या एम. एस. पदवीची तीन वर्षे; आणि त्यानंतर सांध्यांची दुर्बिणशल्यक्रिया व खेळातील इजा यांचे वर्ष-दोन वर्षांचे विशेष प्रशिक्षण. म्हणजे विद्यार्थी तिशीच्या आसपास स्वतंत्रपणे उभा राहतो. अस्थिशल्याच्या शिक्षणात रात्री-अपरात्री अपघातग्रस्तांची सेवा करावी लागते. तासन्तास उभे राहावे लागते. ज्यांना शस्त्रक्रियेची ओढ नाही पण खेळाडूंच्या आरोग्याची आहे, त्यांना क्रीडावैद्यकाचे स्वतंत्र पदव्युत्तर शिक्षण किंवा व्यायामोपचार, म्हणजे फिजिओथेरपी, हे मार्गही खुले आहेत. त्यांचे महत्त्व कमी लेखू नये. शल्यविशारदाचे काम दोन तासांचे असते, त्यांचे दोनशे दिवसांचे.

या विद्येच्या यशातूनच एक नवे संकट उद्भवले आहे आणि ते थेट घराशी संबंधित आहे. टॉमी जॉन शस्त्रक्रिया यशस्वी ठरू लागली, तसतशी अमेरिकेत शाळकरी मुलांवर ती करण्याची वेळ अधिकाधिक येऊ लागली. लहानपणापासून एकच खेळ, वर्षाचे बारा महिने, विश्रांतीवाचून खेळविल्याचा तो परिणाम होता. याहून आश्चर्याची गोष्ट अशी की, हात दुखत नसतानाही शस्त्रक्रिया करून घेतली तर चेंडू अधिक वेगाने जाईल, अशी समजूत काही मुलांत, पालकांत आणि प्रशिक्षकांतही पसरल्याचे अभ्यासकांना आढळले. ही समजूत निराधार आहे. नवा बंध मूळच्यापेक्षा श्रेष्ठ नसतो. परत आलेल्या खेळाडूची ताकद बहुधा वर्षभराच्या शिस्तबद्ध व्यायामाची असते. अशा मागणीला ‘नाही’ म्हणणे हे तेथील विवेकी शल्यविशारदांचे नित्याचे काम झाले आहे. स्वतः टॉमी जॉनने कोवळ्या मुलांवर ही शस्त्रक्रिया होण्याविरुद्ध जाहीरपणे खेद व्यक्त केला आहे. मुलांच्या ‘लिटल लीग’ संघटनेने २००७ पासून फेकींवर मर्यादा घातली. अकरा-बारा वर्षांच्या मुलाने दिवसात ८५ हून अधिक चेंडू टाकू नयेत, असा नियम केला.

आपल्याकडे बेसबॉल नाही, पण क्रिकेटचे वर्ग आहेत, टेनिस व बॅडमिंटनच्या प्रबोधिन्या आहेत, आणि मुलाने लवकर चमकावे ही पालकांची उत्कंठाही आहे. वाढत्या वयात हाडांच्या टोकांशी मऊ कूर्चेचा थर असतो. हाडाची वाढ तेथूनच होते. मोठ्या माणसाचा अस्थिबंध ज्या ताणाने दुखावतो, त्याच ताणाने मुलाचा हा थर दुखावू शकतो, आणि त्याची हानी पुढे भरून निघेलच असे नाही. म्हणून मुलाचा खांदा, कोपर, गुडघा किंवा पाठ एकाच जागी वारंवार दुखत असेल, रात्री दुखण्याने झोपमोड होत असेल, सांध्यावर सूज येत असेल किंवा तो पूर्ण सरळ होत नसेल, तर ‘खेळ म्हटला की दुखायचेच’ असे म्हणून सोडून देऊ नये. वेदनाशामक गोळी देऊन सामन्यास पाठवू नये. आठवड्यातून निदान एक दिवस आणि वर्षातून काही महिने त्या खेळापासून विश्रांती द्यावी. त्या काळात मुलाने पोहावे, धावावे, दुसरे काहीही खेळावे.

डॉ. जोब २०१४ साली, वयाच्या अठ्ठ्याऐंशीव्या वर्षी निवर्तले. आदल्याच वर्षी बेसबॉलच्या कीर्तिमंदिराने त्यांचा सत्कार केला, तेव्हा टॉमी जॉनही तेथे उपस्थित होता. शंभरात एक एवढीच आशा आहे, असे सांगणाऱ्या डॉक्टरवर त्या खेळाडूने विश्वास टाकला, याचे कारण त्या डॉक्टरने ती दोन किंवा दहा करून सांगितली नव्हती. आपल्या मुलासाठी शल्यविशारद निवडताना त्याच्या भिंतीवरील खेळाडूंची छायाचित्रे मोजण्यापेक्षा दोन प्रश्न विचारावेत: शस्त्रक्रियेवाचून उपाय आहे काय, आणि ती केल्यास न बरे होण्याचा संभव किती? या प्रश्नांची उत्तरे जो शांतपणे, आकडा न फुगविता देईल आणि प्रसंगी ‘अजून सहा महिने थांबा’ असे सांगेल, त्याच्या हाती मुलाचा हात निःशंकपणे द्यावा. आणि जो मुलगा किंवा मुलगी उद्या हा व्यवसाय पत्करू इच्छिते, तिनेही शस्त्र चालविण्याआधी हीच उत्तरे द्यावयास शिकावे.